डोमकावळा आणि डॉक्टरची भूमिका

माझे वडील, आमचे दादा, आयुष्यात एकूण किती वेळा मेले, याचा हिशेब आमच्या घरात कुणी ठेवला नाही. फाशी गेले, विष पिऊन गेले, साहेबाच्या गोळीने गेले, उंटावरून पडून गेले आणि एकदा वाघाने खाऊन गेले. वाघाच्या वेळी कंपनीला खरा वाघ परवडला नव्हता, त्यामुळे दादा झुडपामागे जाऊन नुसतेच ओरडले आणि मग त्यांचा फेटा तेवढा बाहेर येऊन पडला. ते ओरडणं मात्र इतकं अस्सल होतं, की आमच्या घरमालकीणबाईंनी ओळखीखातर तो पिक्चर पाहिला आणि पुढे महिनाभर दादा जिन्यात भेटले की त्या आपणहून भिंतीला चिकटून वाट देत. वाघाने खाल्लेल्या माणसाला एवढा मान द्यायलाच हवा, असं त्यांना वाटत असावं.

दादा, म्हणजे मनोहर खांडके, सांगलीहून लंडनला बॅरिस्टर व्हायला गेले आणि नट होऊन बसले. परीक्षेत गटांगळ्या खात असताना कुणीतरी त्यांना स्टुडिओत नेलं, हातात चहाचा ट्रे दिला, डोक्याला फेटा बांधला आणि ‘येस, साहिब’ म्हणायला लावलं. दादांनी ते असं म्हटलं की ट्रे हातात राहिला आणि कायदा सुटला. त्या काळी इंग्रजी पिक्चरवाल्यांना हिंदुस्थान फार लागायचा. साम्राज्य गेलं होतं, पण पडद्यावर त्याची हौस फिटली नव्हती. त्यामुळे दादा कधी खानसामा, कधी जमादार, कधी फकीर, आणि कंपनीची गरज असेल तसे अरबी व्यापारी किंवा तिबेटी लामासुद्धा. नाव यायचं ते अगदी शेवटी, लोक उठून कोट चढवायला लागल्यावर. त्यांची एजंट मिसेस ऍबट ही मोठी खमकी बाई. दम्याने धापा टाकत फोनवर बोलायची आणि तरी सिगारेट सोडायची नाही. ती दादांना मॅनी म्हणायची आणि प्रत्येक फोनची सुरुवात ‘मॅनी, डार्लिंग, तू परत मरणार आहेस’ अशी करायची.

हे सगळं आज आठवायचं कारण माझा जावई समीर. तो नागपूरचा, इथे मिशिगनमध्ये ट्रॉयला एका मोटार कंपनीत कॉम्प्युटरचं काम करतो, आणि बाहेर बर्फाचे ढीग लागले की बेसमेंटमध्ये बसून इंटरनेटवर बायकोच्या आजोबांचे पिक्चर हुडकतो. एखादा सापडला की खालून ओरडतो, “आई, या लवकर! आल्या नाहीत तर गेले बघा आजोबा!” मी गुडघे सांभाळत जिना उतरेपर्यंत दादा खरोखरच गेलेले असतात. मग समीर मागे घेऊन त्यांना पुन्हा जिवंत करतो. आमच्या लहानपणी ही सोय नव्हती.

आम्ही उत्तर लंडनमध्ये एका उंच, अरुंद घराच्या वरच्या मजल्यावर राहायचो. दोन खोल्या, एक ओट्याएवढं स्वयंपाकघर, आणि जिन्याच्या वळणावर सगळ्या घराचा मिळून एक फोन. गॅसच्या मीटरमध्ये शिलिंग टाकलं की शेगडी फुस्सकन पेटायची आणि ऐन फोडणीच्या वेळी विझायची. आई मग कढईसमोर उभी राहून मराठीत सबंध इंग्लंडचा उद्धार करायची. कोथिंबीर मिळायची नाही, ओलं खोबरं मिळायचं नाही, हरभऱ्याची डाळ मिळायची नाही. पण हार मानेल तर ती आई कसली! इंग्रज लोक सूप करतात ती पिवळी वाटाण्याची डाळ तिने शिजवली, गूळ नाही म्हणून काळसर साखर घातली, आणि पुरण वाटायला घेतलं. त्या पुरणपोळ्यांना सांगलीत कुणी हात लावला नसता. आम्ही मात्र त्या चाटूनपुसून खाल्ल्या. अजूनही इथल्या इंडियन स्टोअरमधून मुक्ता, म्हणजे माझी लेक, उत्तम हरभऱ्याची डाळ आणते तेव्हा मला त्या पोळीत काहीतरी चुकल्यासारखं वाटतं.

दादांचा पिक्चर लागला की आई आणि मी शनिवारी दुपारी बघायला जायचो. थिएटरमध्ये पोरांचा कलकलाट चाललेला असायचा. दादा पडद्यावर आले की मी आईचा हात दाबायची, आणि दादा मेले की सगळी इंग्रज पोरं आनंदाने टाळ्या वाजवायची. मीही वाजवायची. त्यात वाईट वाटण्यासारखं काही आहे, हे मला कितीतरी वर्षं कळलंच नाही. मला वाटायचं, चांगलं मेले म्हणून वाजवतायत. आणि आई? ती पदर खोचून उठायची. “यांचं झालं. चल, चल, भात टाकायचाय.” त्यामुळे दादांच्या एकाही पिक्चरचा शेवट आम्ही कधी पाहिला नाही. ते किल्ले शेवटी कुणी जिंकले, त्या गोऱ्या मुलींची लग्नं कुणाशी लागली, देव जाणे.

दादांच्या या रोजच्या मरण्याचं आईला वाईट वाटत नसे. उलट तिचा त्याला पाठिंबाच होता. मेल्याची खोटी बातमी उठली की माणसाचं आयुष्य वाढतं, हे तिला माहेरहून आलेलं शहाणपण. दर पिक्चरला आयुष्य वाढतंय, मग तक्रार कसली? दादा म्हणायचे, “या हिशेबाने मी म्हातारा होऊन कंटाळेन.” आई म्हणायची, “कंटाळा, पण इथेच कंटाळा.”

आणि मग डॉक्टरचं काम आलं. थंड हवेच्या डोंगरावरचं एक इस्पितळ, पटकीची साथ, एक इंग्रज नर्स आणि एक हिंदुस्थानी डॉक्टर. मोठं काम होतं. आणि मुख्य म्हणजे डॉक्टर मरत नव्हता! शेवटच्या दृश्यात तो इस्पितळाच्या दारात उभा असतो आणि पिक्चर त्याच्यावर संपतो. मिसेस ऍबटने हे फोनवर सांगितलं तेव्हा दादांनी तिच्याकडून ते तीनदा वदवून घेतलं. मग ते जिन्यातच बसले. आमच्या घरातून त्या दिवसापासून नट हद्दपार झाला आणि डॉक्टर नांदायला आला. माझी नाडी बघ, आईची जीभ बघ, घरमालकीणबाईंच्या मांजराला तपास. पाठीला गार चमचा लावून ते माझा श्वास ऐकायचे, आणि इतक्या गंभीरपणे ‘हं’ म्हणायचे की मला खरंच खोकला यायचा.

कॅमेऱ्यासमोर काम करून दाखवायच्या टेस्टला त्यांना दिवसभर ठेवून घेतलं. एरवी अशा टेस्टला तास-दीड तास पुरतो, असं दादाच सांगायचे. त्यांना नाडी बघायला लावलं, दाराशी बूट काढायला लावले, हाताने जेवायला लावलं, देवाला नमस्कार करायला लावला, आणि एका आईला तिचं मूल वाचणार नाही हे सांगायला लावलं. मेकअपवाला तर शेजारी रंगाच्या डब्या घेऊन बसला होता आणि दादांच्या गालाशी एकेक डबी लावून पाहत होता. रात्री घरी आले ते उडतच. “अगं, मेकअपवालासुद्धा तयारीला लागला! दिवसभर कुणी उगीच ठेवून घेतं का?” आईने डब्यातली शेवटची काळी साखर काढून शिरा केला. मग आम्ही फोनची वाट बघायला लागलो. जिन्यात घंटा वाजली की तिघंही दाराशी, आणि फोन दर वेळी खालच्या मजल्यावरच्या टाइपिस्ट मुलीचा.

या वाट बघण्याच्या दिवसांतच डोमकावळ्याचं प्रकरण घडलं. दादांकडे एक फकिराचं छोटं काम होतं. फकीर किल्ल्याच्या दारात बसून भविष्य सांगतो आणि त्याच्या खांद्यावर एक शिकवलेला डोमकावळा येऊन बसतो. कावळा चांगला तयार होता, त्याला सांभाळायला एक स्वतंत्र माणूस होता, त्याला दुपारचं जेवणही दादांच्या आधी मिळायचं. पण ऐन वेळी तो खांद्यावर न बसता डोक्यावर बसला आणि चोच मारली. सगळे हसले, पुन्हा शॉट घेतला, झालं. दादांनी रात्री जेवताना ही गंमत रंगवून सांगितली. मी हसता हसता ठसकले. आईच्या हातातली पळी मात्र आमटीतच राहिली.

“शिवला?” ती म्हणाली. “कुठे शिवला?”

“अगं, डोक्यावर. चांगला टोचला मेल्याने.”

“आणि हे तुम्ही आत्ता सांगताय? अर्धं जेवण झाल्यावर?”

दादांना त्या थंडीत कपड्यांसकट आंघोळ करायला लागली. ते टबातून ओरडत होते की हा कावळा नव्हे, ही वेगळी जात आहे, याला इंग्लंडात लोक मान देतात. आई बाहेरून म्हणत होती की काळा आहे ना, मग कावळाच. पण नुसत्या आंघोळीने भागत नाही, हे आमच्याकडे सगळ्यांना ठाऊक असतं. कावळा डोक्याला शिवला म्हणजे मरणाचं सावट. ते उतरवायचं तर तो माणूस गेला अशी खोटी बातमी नातेवाइकांना कळवायची, त्यांनी खरोखर रडायचं, आणि मग खरं सांगून टाकायचं. म्हणजे मरण फसतं आणि निघून जातं. मी म्हटलं, दादा तर दर पिक्चरमध्ये मरतात, तेवढं पुरे नाही का? आईने माझी कीव केली. “त्याला रडणारं माणूस लागतं, सुधा. पिक्चरमध्ये हे मेले तर रडतं कोण? तो साहेब घोड्यावर बसतो आणि जातो निघून.”

दुसऱ्या दिवशी दादा कामावर गेले आणि आई मला घेऊन पोस्टात गेली. तिला बाजारापुरतं इंग्रजी येत होतं, तारेपुरतं नव्हतं. मी लिहिलं: मनोहर वारला. खाली सांगलीचा पत्ता, दादांचे थोरले भाऊ आप्पाकाका, वकील. खिडकीतल्या पोस्टाच्या माणसाने तार वाचली, चष्मा काढला आणि उभा राहून आईला म्हणाला, “आय अॅम सो सॉरी, मॅडम.” आई प्रसन्नपणे हसली. “थँक यू, थँक यू.” त्याच्या चेहऱ्यावर काय उमटलं ते मी जन्मभर विसरणार नाही. आणि दुसऱ्या दिवशी आम्ही पुन्हा त्याच खिडकीशी हजर: मनोहर सुखरूप, कावळा शिवला होता. या वेळी तो माणूस उभा राहिला नाही. त्याने आमच्याकडे न बघता शिक्का मारला.

चूक कुठे झाली, तर आप्पाकाका हे फार कर्तव्यदक्ष निघाले. दुसऱ्या कुणालाही तार मिळाली असती तर तो आधी रडला असता आणि मग दुसऱ्या तारेपर्यंत रडतच राहिला असता. आप्पाकाका थोडं रडले आणि कामाला लागले. लंडनमध्ये कावळे असतात हेच त्यांना माहीत नव्हतं, त्यामुळे शंका यायचं कारण नव्हतं. दादांनी अडीअडचणीसाठी त्यांना मिसेस ऍबटचा पत्ता देऊन ठेवला होता. त्या पत्त्यावर त्यांनी तार ठोकली: बंधू निवर्तल्याचे कळले, अंत्यविधी हिंदू पद्धतीने व्हावा, विधवा व मुलगी यांस साहाय्य करावे. मग आमची दुसरी तार पोचली, सांगलीत पेढे वाटले गेले, आणि मिसेस ऍबटला खरं कळवायचं मात्र सगळे विसरले. त्यांच्या दृष्टीने ती घरातली गोष्ट घरात मिटली होती.

शनिवारी सकाळी फोन वाजला. दादा फ्लॉवर आणायला बाहेर पडले होते. मी उचलला तर पलीकडून मिसेस ऍबटच्या धापा, आणि त्यातून हुंदके. तू शूर मुलगी हो, आईला सांभाळ, तुझ्या वडिलांसारखा माणूस होणे नाही, असं बरंच काही. मी म्हटलं, दादा बाजारात गेलेत. माझ्या डोक्यावर परिणाम झाला असं तिला वाटलं असणार. मी पुन्हा सांगितलं, मग कावळ्याचंही सांगितलं. जन्मात पहिल्यांदा एखाद्या इंग्रज बाईला कावळा शिवणे समजावून देताना माझी दातखीळ बसायची वेळ आली. ती कळवळून म्हणाली, “अरे देवा, मी तर सगळ्या स्टुडिओंना कळवलं! पेपरातसुद्धा येणार आहे!”

आई माझ्या शेजारी येऊन उभी राहिली होती. ‘स्टुडिओ’ शब्द तिने पकडला. “डॉक्टरचं काम,” ती म्हणाली. “विचार तिला, डॉक्टरचं काम गेलं का? माझ्या तारेनं गेलं का?”

मी विचारलं. मिसेस ऍबट हलक्या आवाजात म्हणाली, तुझ्या आईला सांग, तिने जिवाला लावून घेऊ नये, त्या तारेचा काही संबंध नाही. ते काम आधीच एका बड्या इंग्रज नटाला दिलेलं होतं. रंग लावून तो करणार होता. सही टेस्टच्याही आधी झाली होती. ती टेस्ट दादांसाठी नव्हतीच. हिंदुस्थानी माणूस चालतो कसा, बसतो कसा, बोलतो कसा, हे त्या नटाला बघायचं होतं, आणि मेकअपवाल्याला रंग जुळवायचा होता. तिलाही हे परवाच कळलं होतं. मॅनीला सांगायचा धीर होत नव्हता, तेवढ्यात तो मेल्याची तार आली.

मी एकेक वाक्य मराठीत करून आईला सांगत होते. सांगताना मला काहीच वाटत नव्हतं. शाळेत भाषांतर करावं तसं करत होते. आई ऐकत होती आणि ऐकता ऐकता जिन्याच्या कठड्याला धरून खाली बसली. मला वाटलं, सुटली बिचारी. तार आणि काम, कावळा बसायला आणि फांदी मोडायला गाठ पडली एवढंच. चूक तिची नाही. तेच मी तिला म्हटलं.

“गप्प,” आई म्हणाली. “तिला विचार, हे आणखी कुणाला ठाऊक आहे?”

मिसेस ऍबट म्हणाली, आपल्यापैकी कुणालाच नाही.

“मग तिला सांग, माझ्या नवऱ्याला यातलं काही बोलायचं नाही. मेल्याची बातमी गेली म्हणून काम गेलं, एवढंच सांगायचं. काम त्यांनाच मिळालं होतं, माझ्या तारेनं घालवलं.”

मी इंग्रजीत सांगितलं. मिसेस ऍबट म्हणाली, पण तो बायकोवर भयंकर चिडेल. मी मराठीत सांगितलं.

“चिडू देत की. चिडलेला माणूस सोमवारी उठून कामाला जातो. हे कळलं तर हे उठायचे नाहीत गं, सुधा.” तिचे डोळे भरले होते, पण आवाज पक्का होता. मग तिने मला आपल्या गळ्याची शपथ घातली. फोन ठेवला तोवर खाली दार वाजलं आणि दादांची शीळ ऐकू आली.

आईने त्यांना वर येऊसुद्धा दिलं नाही. “अहो, तुमचं डॉक्टरचं काम गेलं. मी आप्पाभाऊजींना तुम्ही गेल्याची तार केली, ती इथे फिरून आली. त्यांनी दुसऱ्याला घेतलं.”

दादांनी फ्लॉवर पायरीवर ठेवला. “तू मला मारलंस?”

“कावळा शिवला होता.”

“अगं, पण तो कंपनीचा पगारी कावळा होता!”

मग जे काही झालं त्याला भांडण म्हणता येणार नाही, कारण भांडायला दोघं लागतात. दादा एकटेच बोलत होते आणि आई ऐकत होती, आणि आई उलट बोलत नाही हे बघून दादांचा पारा आणखी चढत होता. पुढचे कित्येक दिवस घरात सगळा कारभार माझ्यामार्फत. “सुधा, तुझ्या आईला सांग, आमटीला मीठ कमी आहे.” “सुधा, त्यांना सांग, बरणी समोर आहे.” मधल्या काळात दादांनी मिसेस ऍबटला फोन करून खात्री करून घेतली. ती बाई दिल्या शब्दाला जागली. एजंटच ती, पदरच्या दोन ओळी वर घालून मोकळी झाली: करारावर तुझं नाव टाइप करून तयार होतं, मॅनी, डायरेक्टरच्या डोळ्यांत पाणी होतं. दादा तिचं एकेक वाक्य मोठ्याने पुन्हा म्हणून घेत होते आणि मी दाराआडून ऐकत होते. फोन ठेवला तेव्हा दादांची मान ताठ झालेली होती.

राग उतरला तो पेपराने. सिनेमावाल्यांच्या एका साप्ताहिकात त्यांच्या निधनाच्या चार ओळी आल्या होत्या. छोट्या पण लक्षात राहणाऱ्या भूमिका, असं काहीसं त्यात होतं. दादांनी ते आधी मनात वाचलं, मग मोठ्याने वाचलं, आणि मग कित्येक दिवसांनी थेट आईकडे बघून म्हणाले, “ऐकलंस का? लक्षात राहणाऱ्या!” आई म्हणाली, “मग? मी मारलं नसतं तर कोण लिहिणार होतं हे?” दादा इतके हसले की घरमालकीणबाई वर बघायला आल्या. स्टुडिओतून आलेली पांढरी फुलं परत कुठे पाठवायची हे कुणाला कळेना. आईने ती देवाला वाहिली. फुलं ती फुलं.

त्यानंतर दादा आणखी पुष्कळ वर्षं पडद्यावर मरत राहिले, पण त्यांचा दिमाख वेगळा होता. टेस्टला जाऊन बसायचे ते एकदा मोठ्या कामासाठी निवडलेला माणूस म्हणून. दोन-तीन बरी कामं मिळाली, एका पिक्चरमध्ये तर शेवटपर्यंत टिकले, असं ऐकलं. आम्ही सवयीने मध्येच उठून आलो होतो. घरी कुणीही आलं, मग ते सांगलीचं असो की लंडनचं, की ही गोष्ट ठरलेली. “डॉक्टरसाठी मला घेतलंच होतं. करार तयार. आणि या माझ्या धर्मपत्नीने मला ठार मारलं!” पाहुणे हसायचे, आईकडे बोट दाखवायचे. आई कपबशा मांडत म्हणायची, “हो, बाई, मीच मारलं.” माझ्या लग्नात माझ्या सासरच्यांनीसुद्धा ही गोष्ट ऐकली. मी अमेरिकेत आले, मुक्ता झाली, तिनेही ती आजोबांच्या मांडीवर बसून ऐकली. दादा खूप म्हातारे होऊन अंथरुणात शांतपणे गेले. मग आई गेली. तिने मला त्या शपथेतून कधी सोडवलं नाही, आणि मीही विषय काढला नाही.

गेल्या आठवड्यात समीरला तो डॉक्टरचा पिक्चर सापडला. नात रिया कॉलेजच्या सुट्टीवर आली होती. आम्ही चौघं बेसमेंटमध्ये पांघरुणं घेऊन बसलो. तो इंग्रज नट पडद्यावर आला, कॉफीच्या रंगाचा, आणि रिया ओरडली, “ओ माय गॉड, आजी! दिस इज सो बॅड!” समीर म्हणाला, “काय रंग फासला बे याने!” मुक्ताने तिला गोष्ट सांगायला सुरुवात केली: हे काम तुझ्या पणजोबांना मिळालं होतं, पण पणजीने काय केलं माहितीये?

मी ऐकत नव्हते. पडद्यावर त्या माणसाने दाराशी बूट काढले, एका पायाने दुसऱ्या बुटाची टाच दाबून, वाकायचा कंटाळा केल्यासारखे. मग तो एका बाईसमोर बसला. तिचं मूल वाचणार नव्हतं. सांगण्याआधी त्याने आपल्या कानाची पाळी दोन बोटांत धरून हळूच चोळली. दादांना काही वाईट सांगायचं असलं की ते अगदी अशीच चोळायचे. दादा कुठेच नव्हते आणि सबंध पडदाभर दादाच होते.

“सो पणजी लिटरली रूइन्ड हिज करिअर,” रिया म्हणाली. हसत म्हणाली, पण मला ते लागलं. आईला सगळे जन्मभर हेच म्हणत आले होते आणि मला कधी लागलं नव्हतं.

“पिक्चर थांबव,” मी समीरला म्हटलं. आणि मग त्यांना सगळं सांगितलं. जिना, फोन, मिसेस ऍबटच्या धापा, ती दिवसभराची टेस्ट, ती कानाची पाळी.

रियाने पांघरूण गळ्यापर्यंत ओढून घेतलं. पडद्याकडे बघत ती हळूच म्हणाली, “सो दे वेअर नेव्हर गोइंग टू गिव्ह इट टू हिम. लाइक, एव्हर.”

हे एवढं एक वाक्य दादांच्या कानांवर पडू नये, म्हणून माझी आई जन्मभर आल्या-गेल्यासमोर नवऱ्याची खुनी म्हणवून घेत राहिली, आणि वर हसून सगळ्यांना चहा देत राहिली.